शुभ शुक्रवारचा क्रूसांकित पाव

प्रायश्चित्तकाळाचे चाळीस दिवस सरत आले की मुंबई, ठाणे आणि वसई या पट्ट्यातील बेकऱ्यांमध्ये एक आगळा पाव दिसू लागतो. मुठीत मावेल एवढा, वरून तांबूस, तकतकीत, आत बेदाणे आणि दालचिनी-जायफळाचा दरवळ, आणि माथ्यावर पांढरा क्रूस. आपण त्याला ‘हॉट क्रॉस बन’ या इंग्रजी नावानेच ओळखतो. त्याला मराठी नाव देण्याची गरज आपल्याला कधी वाटली नाही. शुभ शुक्रवारी सकाळी चहाबरोबर तो खायचा, मुलाबाळांना द्यायचा, शेजारी चार पाठवायचे, एवढाच आपला त्याच्याशी संबंध. हा पाव आला कोठून, त्याच्यावर क्रूस का, आणि वर्षातील सर्वांत कडक उपवासाच्या दिवशी हा गोड पदार्थ कसा, असे प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. कोणी विचारलेच, तर उत्तरादाखल दोन-तीन सुरस गोष्टी सांगितल्या जातात. त्या गोष्टींची शहानिशा करावी आणि त्यांच्यामागे दडलेला खरा इतिहास वाचकांपुढे मांडावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

घडण

प्रथम या पावाची घडण पाहू. मैदा, दूध, साखर, लोणी आणि यीस्ट यांचे मऊ पीठ मळायचे. त्यात दालचिनी, जायफळ, लवंग यांची पूड, बारीक काळे बेदाणे आणि साखरेत मुरविलेली संत्र्याची साल मिसळायची. पीठ फुगून दुप्पट झाले की त्याचे गोळे करायचे, ते पुन्हा फुगू द्यायचे, आणि मग पाण्यात कालविलेल्या मैद्याच्या दोन रेघा एकमेकींना छेदून प्रत्येक गोळ्यावर ओढायच्या. भट्टीतून बाहेर येताच, पाव गरम असतानाच, साखरेच्या पाकाचा हात वरून फिरवायचा. मसाला घातलेले पीठ साध्या पिठापेक्षा सावकाश फुगते, कारण दालचिनी यीस्टच्या कामात अडथळा आणते. लोणी आणि साखर यांचाही भार असतोच. म्हणून बेकरीवाल्याला या पावाचे पीठ आदल्या दिवशीच्या संध्याकाळीच मळून ठेवावे लागते. प्रभूच्या भोजनाचा स्मरणविधी आटोपून भाविक पवित्र गुरुवारी रात्रीच्या जागरणाला बसलेले असतात, तेव्हा भट्टीपाशीही एक जागरण चालू असते.

मैद्याच्या पांढऱ्या रेघा ही त्यातल्या त्यात अलीकडची रीत होय. पूर्वी भाजण्यापूर्वी सुरीने पिठावर आडवा आणि उभा असे दोन काप देत. पाव फुगला की ते काप उमलत आणि क्रूस आपोआप उठून दिसे. आपल्या इतिहासात या कापाला महत्त्व आहे, कारण अनेक गैरसमज त्याच्यापासूनच सुरू होतात.

सुरस गोष्टी

पहिला गैरसमज असा की, हा पाव मुळात ख्रिस्ती नव्हेच. इंग्लंडच्या प्राचीन लोकांची ईओस्त्रे नावाची वसंतदेवी होती, तिच्या नैवेद्याचा हा पाव आणि त्यावरील रेघा म्हणजे चंद्राच्या चार कला, असे हौशी लेखक छातीठोकपणे लिहितात. या देवीचा प्राचीन उल्लेख फक्त एका ठिकाणी आढळतो. संत बीड या विद्वान मठवासीयाने ७२५ साली काळगणनेवर लिहिलेल्या ग्रंथात, जुन्या इंग्रजांचा एक महिना तिच्या नावाने ओळखला जाई, एवढेच सांगितले आहे. तेथे पाव नाही, नैवेद्य नाही आणि चंद्रकलाही नाहीत. बाकी सारी रचना नंतरच्या कल्पकांची आहे.

दुसरा दाखला दिला जातो तो इटलीतील पाँपेई आणि हर्क्युलेनियम या शहरांचा. इ. स. ७९ मध्ये वेसुव्हियस ज्वालामुखीच्या राखेखाली ही शहरे गाडली गेली. तेथील उत्खननात, कापांनी भाग पाडलेले गोल पाव कोळसा झालेल्या अवस्थेत सापडले आहेत. ते काप पाव हाताने नीट मोडता यावा यासाठी होते. गोल वस्तूचे समान भाग करायचे तर रेघा एकमेकींना छेदणारच. तेवढ्यावरून तिला क्रूस म्हणता येत नाही. खूण सगळीकडे सारखी दिसली, तरी तिच्यामागचा भाव सारखा असेलच असे नाही. क्रूस हा क्रूस ठरतो तो त्याच्याकडे पाहणाऱ्याच्या श्रद्धेने.

तिसरी गोष्ट आपल्या भाविकांना अधिक प्रिय आहे. लंडनच्या उत्तरेस सेंट आल्बन्स येथे बेनेडिक्टाईन संन्याशांचा मोठा मठ होता. तेथील थॉमस रॉक्लिफ नावाच्या बंधूने १३६१ साली शुभ शुक्रवारी क्रूसाची खूण असलेले मसालेदार पाव भाजून मठाच्या दारी येणाऱ्या गोरगरिबांना वाटले, आणि तेथून ही प्रथा सुरू झाली, असे सांगतात. तेथील कॅथेड्रलने ही परंपरा अभिमानाने जपली आहे. कथा सुंदर आहे. दाराशी आलेल्या भुकेल्याला रिकाम्या हाताने न पाठविणे हा बेनेडिक्टाईन संन्याशांचा धर्मच होता. परंतु समकालीन कागदपत्रांचा भक्कम आधार तिला नाही. शिवाय एक गोष्ट ध्यानात घ्यावी. चौदाव्या शतकातील प्रायश्चित्तकाळाच्या नियमानुसार मांसाप्रमाणेच अंडी, दूध आणि लोणीही वर्ज्य होते. म्हणजे तसा पाव त्या मठात झालाच असेल, तर तो आजच्या लुसलुशीत, लोणीदार पावासारखा खासच नसणार. तो गरिबाची भूक भागविणारा साधा, जाडाभरडा पाव असणार.

मंदिरातील पाव

मग या पावाचे खरे मूळ कोठे शोधावे? माझ्या मते ते एखाद्या देवीपाशी किंवा एखाद्या संन्याशापाशी नसून, मध्ययुगीन धर्मग्रामाच्या नित्य जीवनात आहे.

त्या काळी सामान्य भाविक ख्रिस्तशरीर क्वचितच स्वीकारीत. वर्षातून निदान एकदा, पास्काच्या काळात, ते घ्यावे असा दंडक १२१५ सालच्या चौथ्या लॅटेरन धर्मपरिषदेला घालावा लागला, यावरूनच काय ते समजावे. मात्र दर रविवारी मिस्सा आटोपल्यावर इंग्लंडच्या प्रत्येक धर्मग्रामात दुसरा एक पाव वाटला जाई. धर्मग्रामातील घराण्यांनी पाळीपाळीने तो भाजून आणायचा, धर्मगुरूने त्यावर आशीर्वादाची प्रार्थना म्हणायची आणि त्याचे तुकडे करून सर्वांना द्यायचे. हा पाव म्हणजे ख्रिस्तशरीर नव्हे. तो केवळ आशीर्वादित पाव. पण त्याद्वारे सारा गाव एका पावाचा वाटेकरी होई. पौर्वात्य ख्रिस्तमंडळांत अशी प्रथा आजही जिवंत आहे.

शुभ शुक्रवारी दुसरा एक विधी असे. सारा गाव, राजापासून रंकापर्यंत, अनवाणी, गुडघ्यांवर सरकत वेदीपुढील क्रूसापर्यंत जाई आणि त्याचे चुंबन घेई. इंग्रज लोकांना हा विधी विशेष प्रिय होता.

सोळाव्या शतकाच्या मध्यास हे दोन्ही विधी बंद झाले. आठव्या हेन्रीनंतर त्याचा अल्पवयीन पुत्र सहावा एडवर्ड गादीवर आला आणि त्याच्या मंत्रिमंडळाने १५४८ सालापासून राख, झावळ्या, मेणबत्त्या आणि क्रूसाची ही भक्ती एकामागून एक बंद पाडली. मंदिरांतील मोठमोठे क्रूस उतरविले गेले. १५४९ साली नवे इंग्रजी प्रार्थनापुस्तक सक्तीचे झाले, तेव्हा डेव्हन आणि कॉर्नवॉल या पश्चिमेकडील प्रांतांतील शेतकऱ्यांनी बंड पुकारले. त्यांच्या मागण्यांची यादी इतिहासात नमूद आहे. जुनी मिस्सा हवी, झावळ्या आणि राख हवी, या मागण्यांबरोबरच दर रविवारी आशीर्वादित पाव आणि आशीर्वादित पाणी परत मिळावे, अशीही त्यांची मागणी होती. पावाच्या एका तुकड्यासाठी माणसे शस्त्र उचलतात, ही गोष्ट आज आपल्याला विचित्र वाटेल. परंतु त्या तुकड्यात त्यांचा गाव, त्यांची वाडवडिलांची मंदिरे, त्यांचे मेलेले आणि जिवंत आप्त सारे सामावलेले होते. बंड मोडले गेले. हजारो माणसे मारली गेली.

त्याच सुमारास, म्हणजे अंदाजे १५४९ साली, इंग्लंडमधील विल्टशायर परगण्यात एक मूल जन्मास आले. पुढे कॅथॉलिक श्रद्धेसाठी मायदेश सोडून, रोमला येशूसंघात प्रवेश करून हा तरुण ऑक्टोबर १५७९ मध्ये गोव्याला पोहोचला आणि आयुष्याची उरलेली चाळीस वर्षे साष्टी भागात वेचून तेथेच निवर्तला. फादर थॉमस स्टीफन्स हे त्याचे नाव. ज्यांचे ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली प्रसिद्ध झाले आणि ज्यांच्या मराठीप्रेमाने आपली भाषा श्रीमंत झाली, ते आपले फादर स्टीफन्स ज्या उलथापालथीच्या इंग्लंडमधून आले, त्याच इंग्लंडची ही हकिकत आहे. त्यांचे मित्र थॉमस पाउंड श्रद्धेपायी तीसएक वर्षे तुरुंगात होते, हे लक्षात घेतले म्हणजे त्या काळाची दाहकता कळते.

१५९२ सालचा हुकूम

आता मुख्य मुद्द्याकडे वळू. ‘प्रॉटेस्टंट राणी एलिझाबेथ हिने हॉट क्रॉस बनवर कॅथॉलिक म्हणून बंदी घातली, आणि लोकांनी तो घरात लपून भाजला’ ही कथा आपल्याकडे आणि पाश्चात्त्य देशांतही वारंवार सांगितली जाते. तिचा आधार आहे १५९२ साली लंडनच्या बाजार-अधिकाऱ्याने काढलेला एक हुकूम. तो हुकूम नीट वाचला, तर चित्र निराळे दिसते.

इंग्लंडमध्ये १२६६ पासून पावाचे वजन आणि किंमत कायद्याने ठरलेली असे. गव्हाचा भाव वाढला की एका पेनीच्या पावाचे वजन कमी व्हायचे, भाव उतरला की वाढायचे. आणि वजनात लबाडी करणाऱ्या भट्टीवाल्याला कडक शिक्षा. गरिबाच्या अन्नाचे रक्षण हा त्या कायद्याचा हेतू होता. लोणी, साखर, मसाला आणि बेदाणे घातलेला पाव या तराजूत बसत नसे. म्हणून हुकूम असा निघाला की, भट्टीवाल्यांनी मसाल्याचे पाव, बन किंवा बिस्किटे किरकोळ विक्रीसाठी करू नयेत. अपवाद फक्त तीन प्रसंगांचा: दफनविधी, पास्कापूर्वीचा शुक्रवार आणि नाताळ. हुकूम मोडला तर असा सगळा माल जप्त करून गोरगरिबांत वाटला जाईल.

या हुकमात पोपचे नाव नाही, क्रूसाचे नाव नाही, कॅथॉलिकांचा उल्लेख नाही. तो बाजारपेठेचा हुकूम आहे, धर्मछळाचा नव्हे. उलट शुभ शुक्रवारला त्याने मोकळीकच दिली आहे. त्या काळी छळ झालाच नाही असा याचा अर्थ मुळीच नव्हे. १५८५ च्या कायद्याने कॅथॉलिक धर्मगुरूने इंग्लंडमध्ये पाऊल ठेवणे हाच राजद्रोह ठरला होता, आणि या हुकमाच्याच वर्षी, १५९२ मध्ये, येशूसंघीय कवी रॉबर्ट साउथवेल पकडले गेले. १५९५ साली त्यांना देहान्त शासन झाले. संत म्हणून आज आपण त्यांचा सन्मान करतो. छळ खरा होता, रक्त खरे सांडले. म्हणूनच त्याला बनाच्या खोट्या कथेची जोड देण्याची गरज नाही. जिथे हुतात्म्यांचे खरे रक्त साक्ष देते, तिथे दंतकथेला साक्षीला बोलावणे म्हणजे त्या रक्ताचा उपमर्द होय.

मात्र या कोरड्या हुकमात एक गोष्ट मनाला भिडते. त्या अधिकाऱ्याने मसाल्याच्या पावासाठी तीन प्रसंग राखून ठेवले: मरण, क्रूस आणि जन्म. त्याने ते स्वतः शोधून काढले नव्हते. या तीन प्रसंगी लोक असा पाव करीतच आले होते आणि तो बंद करणे शक्य नाही, हे त्याला ठाऊक होते. मंदिरातील आशीर्वादित पाव बंद होऊन तेव्हा चाळीसहून अधिक वर्षे लोटली होती. त्याची जागा या पावाने घेतली, असा लेखी पुरावा कोणी दाखवू शकणार नाही. तरीही, जे वेदीपाशी मिळेनासे झाले ते लोकांनी भट्टीपाशी शोधले असावे, असे अनुमान करावेसे वाटते.

कोशकार जॉन्सन यांचा उपवास

अठराव्या शतकात हा पाव क्रूसासह स्पष्टपणे पुढे येतो. लंडनचे फेरीवाले तो गात गात विकीत. त्यांची ती आरोळी १७३३ सालच्या एका पंचांगात छापलेली सापडते. चेल्सी भागातील एका प्रसिद्ध बन-दुकानापुढे शुभ शुक्रवारी पहाटेपासून इतकी गर्दी लोटे की, शेजाऱ्यांना उपद्रव झाल्यामुळे १७९३ साली मालकिणीने ‘यंदा क्रूसाचे बन विकणार नाही’ असे जाहीर केले. ते दुकान १८३९ साली पाडले गेले. म्हणजे उपवासाच्या दिवसाची झुंबड ही काही आपल्याच काळातील गोष्ट नव्हे.

या गर्दीपेक्षा मला एका एकट्या माणसाचा बन अधिक मोलाचा वाटतो. इंग्रजी भाषेचा थोर कोश १७५५ साली सिद्ध करणारे डॉक्टर सॅम्युएल जॉन्सन हे निष्ठावंत अँग्लिकन होते. त्यांचे चरित्रकार जेम्स बॉसवेल यांनी नोंदविले आहे की, ९ एप्रिल १७७३ रोजी, शुभ शुक्रवारी, आपण त्यांच्यासमवेत चहा आणि क्रूसाचे बन अशी न्याहारी केली आणि मग दोघे सेंट क्लेमंट डेन्स या मंदिरात उपासनेला गेलो. दहा वर्षांनी, १८ एप्रिल १७८३ रोजी, बॉसवेल पुन्हा शुभ शुक्रवारी त्यांच्याकडे गेले. जॉन्सन आता त्र्याहत्तर वर्षांचे होते, प्रकृती खालावलेली होती. त्या दिवसाच्या नेहमीच्या रिवाजाप्रमाणे ते बिनदुधाचा चहा घेत होते आणि भोवळ येऊ नये म्हणून क्रूसाचा एक बन खात होते.

एक बन आणि बिनदुधाचा चहा. मला वाटते, या पावाच्या साऱ्या इतिहासाचे मर्म या एका नोंदीत आहे. तो बन जिभेचे चोचले पुरविण्यासाठी नव्हता. उपासनेत उभे राहता यावे, शरीराने साथ सोडू नये, एवढ्यापुरताच तो होता. कॅथॉलिक नसलेल्या एका वृद्ध विद्वानाने उपवासाचा पाव कसा खावा हे आपल्याला शिकविले आहे.

खुंटीवरचा पाव

सामान्य लोकांची श्रद्धा मात्र वेगळ्या वाटेने गेली. शुभ शुक्रवारी भाजलेल्या पावाला बुरशी लागत नाही, असा इंग्लंडच्या खेड्यांत समज होता. एक पाव स्वयंपाकघराच्या आढ्याला वर्षभर टांगून ठेवीत; घरात कोणाचे पोट बिघडले की त्याचा किस पाण्यात घालून पाजीत. तो जवळ असला की जहाज बुडत नाही, असे खलाशी मानीत. पाव नीट कडक भाजून कोरड्या, धुराच्या जागी टांगला तर तो बराच काळ टिकतो, यात नवल नाही. पण आपण या भोळेपणाला फार हसू नये. झावळ्यांच्या रविवारची झावळी आपणही घरात वर्षभर खोचून ठेवतोच.

लंडनच्या पूर्व भागात ‘विधवेचा मुलगा’ अशा अर्थाचे नाव असलेले एक मद्यगृह १८४८ साली बांधले गेले. ज्या जागी ते आहे, तेथे पूर्वी एका विधवेची झोपडी होती, असे सांगतात. तिचा एकुलता एक मुलगा दर्यावर्दी. शुभ शुक्रवारी घरी येईन, माझ्यासाठी बन ठेव, असा निरोप त्याने धाडला होता. तो आला नाही. आईने बन ठेवून दिला. पुढच्या वर्षी दुसरा, त्याच्या पुढच्या वर्षी तिसरा. तिच्या मृत्यूनंतर आढ्याला टांगलेली बनांची माळ लोकांना आढळली. त्या मद्यगृहात दर शुभ शुक्रवारी आरमारातील एका खलाशाच्या हातून जाळ्यात नवा बन ठेवण्याचा रिवाज पुढे पिढ्यान्‌पिढ्या चालला. गोष्टीतले खरे किती हे सांगणे कठीण. पण अर्नाळ्याच्या, पाचूबंदरच्या किंवा उत्तनच्या कोळी भगिनीला ही गोष्ट कोणी समजावून सांगावी लागणार नाही. दर्यावर गेलेल्याच्या ताटाची वाट पाहणे म्हणजे काय, हे तिला ठाऊक आहे. क्रूसाखाली उभ्या असलेल्या मातेलाही ते ठाऊक होते.

मसाल्याची परतफेड

आपल्याकडे हा पाव इंग्रजी अमदानीत आला. पण त्याच्या पोटातील सामग्री मात्र आपल्याच बाजूने तिकडे गेलेली होती. दालचिनी सिंहलद्वीपाची, लवंग आणि जायफळ मोलुक्कास आणि बांदा बेटांचे. शतकानुशतके हा माल हिंदी महासागरातून पश्चिमेला जाई आणि प्राचीन काळी आपली सोपारा व कल्याण ही बंदरेही त्या व्यापारसाखळीतील दुवे होती. बेदाण्यासाठी इंग्रज ग्रीक बेटांकडे वळले; त्या व्यापाराची लेव्हंट कंपनी १५९२ मध्येच स्थापन झाली. मसाल्यासाठी त्यांनी १६०० साली ईस्ट इंडिया कंपनी काढली. कॅथरिन राजकन्येच्या १६६१ सालच्या विवाहकरारातून मुंबई इंग्रजांकडे गेली आणि १६६८ मध्ये कंपनीच्या हाती आली. ज्या मसाल्याच्या लोभाने इंग्रज येथे आले, तोच मसाला त्यांच्या पावात बसून आपल्या दारी परतला! उत्तर कोकणातील कॅथॉलिक समाजाच्या एका मोठ्या भागाने १८८७ साली ‘ईस्ट इंडियन’ हे नाव स्वतः होऊन घेतले; त्या नावासारखाच हा बनही इंग्रजी सहवासाचा वारसा आहे.

गव्हाचा पाव मात्र त्याहून आधीचा. भात पिकविणाऱ्या आपल्या किनाऱ्यावर पोर्तुगीज मिशनऱ्यांना मिस्सेसाठी गव्हाची भाकर हवी होती, कारण ख्रिस्तशरीराच्या संस्काराला गहूच लागतो. ‘पाव’ हा शब्दही त्यांचाच. यीस्ट नव्हते तेथे ताडी-माडीने पीठ फुगविले गेले. आपल्या आजी-पणजींचे फुगे त्याच ताडीवर फुगत. साष्टीच्या पोदेरांनी ही विद्या आत्मसात केली आणि गोव्याचे हे भट्टीवाले पुढे मुंबईत आले. त्यांच्या शेजारी इराणी आले, उत्तरेकडील मुसलमान कारागीर आले. आज मुंबईतील कित्येक भट्ट्यांत शुभ शुक्रवारच्या पावावर क्रूस ओढणारा हात मुसलमान बांधवाचा असतो. तो ही खूण आदराने आणि नेमकेपणाने ओढतो.

क्रूसांकित पाव केवळ इंग्रजांचा, असेही मानण्याचे कारण नाही. केरळातील थॉमस ख्रिस्ती लोक पवित्र गुरुवारी रात्री घरोघरी ‘पेसहा अप्पम’ करतात. तांदूळ आणि उडदाचे हे बेखमीर अप्पम. त्यावर झावळ्यांच्या रविवारच्या पातीचा छोटा क्रूस ठेवतात. सायंप्रार्थनेनंतर घरातील वडीलधारा पुरुष ते मोडतो आणि नारळाच्या दुधात गूळ घालून केलेल्या ‘पाला’बरोबर वयाच्या क्रमाने सर्वांना देतो. ज्या घरी वर्षभरात मृत्यू झाला असेल तेथे ते करीत नाहीत. शेजारी आणून देतात. या प्रथेत प्रार्थना आहे, वडिलांचा हात आहे, दुःखी घराची आठवण आहे. आपल्या बनाला जे कमी पडते ते नेमके हेच.

आजचा प्रश्न

हे सारे सांगण्याचे प्रयोजन आता उघड करतो. पश्चिमेकडील मोठ्या दुकानांत हा पाव आता वर्षभर मिळतो. चॉकलेटचा, चीजचाही मिळतो. जो कधीही मिळतो तो कशाचीच आठवण देत नाही. आपल्याकडे तो अजून त्या दिवसाशी बांधलेला आहे, हे सद्भाग्य. पण त्या एका दिवशी तो कसा खाल्ला जातो? डझनावारी खोकी घरी येतात, सकाळी चहाबरोबर चार, दुपारी लोणी लावून आणखी काही, आणि तीन वाजता क्रूसाच्या उपासनेला जड पोटाने उभे राहायचे.

ख्रिस्तसभेचा नियम कठीण नाही. पोप सहावे पॉल यांनी १९६६ साली प्रायश्चित्ताचे नियम सौम्य केले. १९८३ च्या धर्मविधिसंहितेनुसार राखेचा बुधवार आणि शुभ शुक्रवार हे दोनच दिवस उपवास आणि मांसत्याग या दोहोंचे उरले आहेत. एक पूर्ण जेवण आणि दोन वेळा अल्प आहार यांस परवानगी आहे. बनात मांस नाही. एक बन खाल्ल्याने उपवास मोडत नाही. म्हणून या पावाला विरोध करण्याचे मला कारण दिसत नाही. माझे म्हणणे इतकेच की, तो त्याच्या जुन्या मापाने खावा.

ते माप इतिहासाने आपल्याला दिलेले आहे. जॉन्सन यांचा एक बन हे स्वतःसाठीचे माप. मठाच्या दाराशी गोरगरिबांना वाटलेला पाव, आणि जप्त झाल्यास गोरगरिबांकडे जाणारा पाव, हे दुसऱ्यासाठीचे माप. शुभ शुक्रवारी सकाळी घरच्या वडिलांनी किंवा आईने एक छोटी प्रार्थना म्हणावी, एक बन क्रूसाच्या रेघेवर मोडून सर्वांना द्यावा. रेघांमुळे त्याचे चार भाग सहज होतात. ती सोय आपल्या पूर्वजांनीच करून ठेवली आहे. आणि खोक्यातील उरलेले बन ज्या घरात यंदा मृत्यू झाला आहे, ज्या घरातील मुलगा बोटीवर किंवा आखातात आहे, ज्या वाडीत चूल नीट पेटत नाही, तेथे पोहोचवावेत.

राजाज्ञा आल्या आणि गेल्या. वजनाचा तो जुना कायदा लंडनमध्ये १८२२ साली आणि उर्वरित इंग्लंडमध्ये १८३६ साली रद्द झाला. मंदिरांतून उतरविलेले क्रूसही पुढे पुष्कळ ठिकाणी परत उभे राहिले. या सगळ्या काळात भट्टीवाला वर्षातून एकदा पिठावर दोन काप देत राहिला. त्या कापांना क्रूस म्हणायचे की नुसत्या रेघा, हे प्रत्येक वर्षी तो पाव हातात घेणाऱ्यानेच ठरवायचे असते.